पक्षी ओळखायची साधनं : ॲप, पुस्तक, दुर्बीण... कशावर किती भरवसा ठेवायचा?

टाकळा (धागाकर्ता)

पुणे-सातारा भागात नव्याने पक्षी बघणाऱ्यांसाठी माहिती एका जागी साठावी म्हणून हा धागा. वारंवार येणारे प्रश्न असे :

१. मर्लिन (पक्षी ओळखणारं ॲप) फुकट आहे, चांगलं आहे, पण आवाजावरून दहा मिनिटांत वीस-पंचवीस जाती दाखवतं. त्यातल्या किती खऱ्या धरायच्या?
२. दुर्बीण ८×४२ की १०×५०?
३. ॲप असताना पुस्तक घ्यायचं का?
४. फोटो धूसर असेल किंवा नसेलच, तर इथे विचारताना काय लिहायचं?

"सरावाने जमतं" हे सगळ्यांना माहीत आहे, त्यामुळे कृपया नेमकं लिहा.

माळरान

चौथा प्रश्न आधी घेतो. तो सुटला की बाकीच्यांचं निम्मं काम होतं.

"काल एक करडा पक्षी दिसला, ओळखा" यावर कुणीही काही सांगू शकत नाही. जिल्हा आणि अधिवास (ऊसशेती, माळ, तळ्याचा काठ, सोसायटीतलं झाड), तारीख आणि वेळ एवढं आधी हवंच. मग आकार. तो सेंटिमीटरमध्ये सांगू नका, लांबच्या पक्ष्याचे सेंटिमीटर सगळ्यांचेच चुकतात. सलीम अलींच्या १९४१ च्या पुस्तकातली युक्ती अजून चालते : ओळखीचा पक्षी घ्या आणि त्याहून लहान की मोठा ते सांगा. चिमणी (साधारण १५ सेंमी), बुलबुल (२०), साळुंकी (२३), पारवा (३३), कावळा (४२), घार (६०). "बुलबुलाहून लहान, चिमणीहून थोडा मोठा" एवढ्यावरच अर्धी यादी कटते.

त्यानंतर चोच. रंग सगळ्यात शेवटी. पक्ष्याच्या पाठीमागून ऊन असलं की हिरवा पक्षी काळा दिसतो आणि सकाळच्या तांबूस उजेडात राखी पक्षी तपकिरी. चोचीचा आकार मात्र उजेडाने बदलत नाही. शेपूट लांब की तोकडी, वर उभारलेली की सतत खालीवर हलणारी, डोळ्यावर भुवई आहे का, पंखावर फिकट पट्टा आहे का, पायांचा रंग काय, आणि पक्षी काय करत होता. हे पक्षी समोर असतानाच लिहा किंवा फोनवर बोलून ठेवा. पुस्तक उघडून मग आठवायला गेलं की चित्रात दिसलेली भुवई आपल्या आठवणीतल्या पक्ष्यालाही फुटते.

कुंभा

मर्लिनबद्दल. ॲप कॉर्नेल विद्यापीठाच्या पक्षिशास्त्र प्रयोगशाळेचं आहे. आत तीन वेगळी साधनं आहेत : प्रश्नोत्तरं, फोटो आणि आवाज. तिन्हींचा भरवसा सारखा नाही.

आधी सेटिंग. आपल्या भागाचा भारताचा पॅक (पक्ष्यांच्या माहितीचा संच) घरच्या वायफायवर उतरवून घ्या म्हणजे डोंगरात रेंज नसताना अडत नाही. लोकेशन चालू ठेवा. ते बंद असेल किंवा चुकीचं असेल तर यादी भलतीच येते. "मर्लिनने हिमालयातला पक्षी दाखवला" या तक्रारीमागे बहुतेक वेळा हेच निघतं.

प्रश्नोत्तरांत एक खाच आहे. आकार विचारताना चिमणी, रॉबिन, कावळा, हंस अशी मापं येतात. तो रॉबिन अमेरिकेतला, जवळपास २५ सेंमीचा, म्हणजे आपल्या साळुंकीएवढा. आपल्याकडे लोक चिरक (इंडियन रॉबिन) डोळ्यांसमोर आणून उत्तर देतात आणि यादीतून हवा तोच पक्षी गळतो. रंग तीनच निवडता येतात, तेव्हा ठळक रंग द्या. बुलबुलाच्या बुडाखालचा लाल ठिपका हा मुख्य रंग नव्हे.

फोटोवरून : पक्षी चौकटीत मोठा दिसेल असा कापून द्या, तारीख आणि जागा बरोबर आहे ना ते बघा. व्हॉट्सॲपवर साधा फोटो म्हणून आलेल्या चित्रातून तारीख-जागेची माहिती गळून गेलेली असते, मग ॲप आजची तारीख आणि आपली जागा धरतं. फोटो मागवायचा तर "डॉक्युमेंट" म्हणून मागवा.

टिटवी

आवाजाचं उत्तर मी देते, पहिला प्रश्न तोच आहे.

साउंड आयडी (मर्लिनमधलं आवाजाचं साधन) चांगलंच आहे, पण ते आवाजाचा माग काढतं, पक्ष्याचा नाही. भृंगराज (पल्लवपुच्छ कोतवाल) एका फांदीवर बसून सर्पगरुड, शिक्रा, हळद्या असं एकामागून एक वाजवतो. ॲप प्रामाणिकपणे सगळ्यांची नावं लिहितं. पर्णपक्षीही नकला करण्यात पटाईत. सह्याद्रीतल्या एकाच झाडावरून दोन मिनिटांत पाच-सहा जाती "सापडल्या" तर आधी भृंगराज शोधा. शहरात खारीची चिकचिक आणि रिक्षाचा ब्रेकही घोळ घालतात.

म्हणून चाळणी अशी लावायची :

नाव एकदाच चमकून गेलं तर सोडून द्या. तोच आवाज पुन्हा आला की तेच नाव पुन्हा उजळतंय का ते बघा. मग नावावर बोट ठेवून ॲपमधला नमुना ऐका, पण हेडफोन लावून. स्पीकरवर वाजवलं तर पक्षी त्याला प्रतिस्पर्धी समजून जवळ येतो, घरटं सोडतो, आणि आपल्या रेकॉर्डिंगमध्येही तोच नमुना मिसळतो. मे ते ऑगस्ट या विणीच्या दिवसांत तर स्पीकर बंदच.

शेवटी, शक्य असेल तिथे पक्षी डोळ्यांनी बघा. न दिसलेला, एकदाच उजळलेला, त्या भागात दुर्मीळ असलेला पक्षी यादीत घालू नये. माझ्या मते तरी नव्या माणसाने पहिले दोन महिने साउंड आयडी "इथे काय शोधायचं" एवढं कळण्यापुरतंच वापरावं.

कुंभा

+१. फक्त एक भर. पावसाळ्याच्या तोंडावर "पेर्ते व्हा, पेर्ते व्हा" ऐकू आलं की ते कान आणि ॲप दोघांनाही सहज कळतं. पावशाची खरी गंमत तो दिसतो तेव्हा आहे, कारण दिसायला तो शिक्र्यासारखा. फोटोवरून ॲपही कधीकधी फसतं.

माळरान

पावशा आणि शिक्रा यावर हवं तर वेगळा धागा निघेल, पण थोडक्यात सांगतो. दोघेही वरून राखी, खालून तांबूस-पांढरे, शेपटीवर आडवे पट्टे, उडताना चार फडफडी आणि मग तरंग. लहान पक्षीसुद्धा दोघांनाही बघून ओरडतात, त्यामुळे त्यावरूनही निकाल लागत नाही.

चोच बघा. शिक्र्याची टोकाला आकडी, मुळाशी पिवळा भाग. पावशाची सरळसर, टोकाला किंचित वाकलेली, आकडी नाही. डोळ्याभोवती पिवळी कडी ठळक असेल तर पावशा. प्रौढ नर शिक्र्याचा डोळा लाल. पाय : शिक्र्याचे लांब पिवळे, फांदीवर ताठ उभा. पावशाचे आखूड, तो फांदीवर बसल्यासारखा दिसतो आणि पंख बाजूने लोंबतात. गळ्याच्या मधोमध एकच राखाडी रेघ दिसली तर शिक्रा. पिल्लांमध्ये दोघांच्याही छातीवर उभ्या रेघा असतात, तिथे फक्त चोच आणि पाय.

सोनसाखळी

दुर्बिणीचं कोण सांगणार?

रातवा

८×४२. चर्चा इथे संपली तरी चालेल. :)

बरं, कारणं. पहिला आकडा किती पट, दुसरा पुढच्या भिंगाचा व्यास मिलिमीटरमध्ये. दुसऱ्याला पहिल्याने भागलं की डोळ्याशी येणाऱ्या उजेडाच्या झोताचा व्यास मिळतो : ८×४२ ला ५.२५ मिमी, १०×४२ ला ४.२, १०×५० ला ५. पहाटे आणि दाट झाडीत याचाच फरक पडतो. दहा पटीत हाताचं थरथरणंही दहा पट दिसतं आणि दृश्याची रुंदी कमी होते, त्यामुळे झाडातला वटवट्या चौकटीत सापडेपर्यंत उडून गेलेला असतो. १०×५० मध्ये उजेड चांगला, पण वजन किलोच्या जवळ जातं, तासाभरात मान बोलते. तळ्यावर किंवा माळावर लांबचे शिकारी पक्षीच बघायचे असतील तर दहा पट घ्यायला हरकत नाही. "झूम" दुर्बिणीच्या वाटेला जाऊ नका, तितक्याच पैशात साधी दुर्बीण जास्त स्वच्छ दाखवते.

चष्मा असेल तर "आय रिलीफ" (भिंगापासून डोळा किती लांब ठेवून पूर्ण दृश्य दिसतं ते अंतर) किमान १५ मिमी हवा आणि चष्म्यासह बघताना डोळ्यांच्या वाट्या आत फिरवून ठेवायच्या. जवळचा फोकस अडीच मीटरच्या आत असला तर बागेतला शिंपीही नीट दिसतो.

आणि घेतल्यावर पहिलं काम, जे निम्मे लोक करत नाहीत : डायऑप्टर (दोन डोळ्यांच्या नजरेतला फरक भरून काढणारी कडी) लावणं. उजव्या बाजूचं पुढचं भिंग हाताने झाका, मधल्या चाकाने डाव्या डोळ्याला पाटीवरचं अक्षर स्वच्छ करा. मग डावं भिंग झाका आणि चाकाला हात न लावता उजव्या डोळ्याची कडी फिरवून तेच अक्षर स्वच्छ करा. कडीवरची खूण कुठे आली ते लक्षात ठेवा. हे केलं नाही तर दोन तासांत डोकं दुखतं आणि दोष दुर्बिणीला जातो. डायऑप्टर लावूनही एका वस्तूच्या दोन दिसत असतील तर भिंगं हललीत, बहुधा दुर्बीण कुठेतरी पडली आहे. ते घरी दुरुस्त होत नाही.

सोनसाखळी

कोकणात बुरशीचं काय?

रातवा

नायट्रोजन भरलेली, जलरोधक दुर्बीण घेतलीत तर आतून बुरशीची भीती बरीच कमी. तरी जून ते सप्टेंबर कापडी पिशवीत किंवा कातडी खोक्यात ठेवू नका, त्या दोन्ही गोष्टी ओल धरतात. घट्ट झाकणाचा प्लॅस्टिकचा डबा, आत शंभर-दोनशे ग्रॅम सिलिका जेल. रंग बदलला की जेल तापवून पुन्हा वापरता येतं, पण स्वयंपाकाचं भांडं नको. पावसातून आल्यावर आधी पंख्याखाली कोरडी, मगच डब्यात. भिंग पुसताना आधी फुंकणीने धूळ उडवा. शर्टाच्या टोकाने पुसलं की धुळीचे कण भिंगावरच घासले जातात.

खाडीकाठ

शिवडी, ऐरोली, उरण अशा ठिकाणी जाणाऱ्यांसाठी दुर्बिणीआधी दोन कागद महत्त्वाचे : भरतीचं वेळापत्रक आणि नकाशा. ओहोटीला पाणपक्षी चिखलात लांब पसरलेले असतात, भरती चढताना काठाकडे सरकतात. भरतीच्या दीड-दोन तास आधी पोचलात तर हातच्या दुर्बिणीतही पायांचा रंग दिसतो.

आणि उजेड. शिवडीची जेटी पूर्वेकडे तोंड करून आहे, सकाळी सूर्य थेट डोळ्यांत, सगळे पक्षी काळ्या आकृत्या. तिथे दुपारनंतर जा. ऐरोली खाडीच्या दुसऱ्या काठावर, तिथे सकाळ चांगली. नव्वद टक्के "ओळखू न येणारे" किनारपक्षी केवळ चुकीच्या वेळेला बघितलेले असतात, असं माझं ठाम मत.

रोहित (फ्लेमिंगो) मोठा की लहान हे रंगावरून ठरवू नका. चोच बघा : मोठ्याची गुलाबी आणि फक्त टोक काळं, लहानाची गडद लाल, लांबून सबंध काळी वाटते.

स्पॉटिंग स्कोप (तिवईवर लावायची एकनळी दुर्बीण) हवाच असेल तर २० ते ६० पट, पण उन्हाळ्यात दहानंतर चिखलावरची हवा थरथरते, मग ४० पटीच्या पुढे फक्त लाटा दिसतात. हलक्या तिवईवर स्कोप ठेवून वाऱ्यात बघण्यात अर्थ नाही, तिवईला पाण्याची बाटली लटकवा.

टाकळा

उत्तम माहिती येतेय, सर्वांचे आभार. पुस्तकाचं राहिलं.

माळरान

घ्या. ॲप एका वेळी एक पक्षी दाखवतं, पुस्तकात सारखे दिसणारे सगळे एकाच पानावर येतात. मोठा, मध्यम, लहान बगळा आणि गायबगळा शेजारी-शेजारी बघितल्याशिवाय मध्यम आणि मोठा यांतला फरक डोक्यात बसत नाही : तोंडाची फट डोळ्याच्या मागपर्यंत गेली तर मोठा, डोळ्याखालीच थांबली तर मध्यम. लहान बगळ्याची चोच काळी, पाय काळे, पंजे पिवळे. पिवळी आखूड चोच आणि जाड हनुवटी असेल तर गायबगळा.

भारतीय उपखंडासाठी ग्रिमेट आणि इन्स्किप यांचं फील्ड गाइड बहुतेकांच्या पिशवीत असतं. चित्रं पानावर, मजकूर समोर. मराठी नावांसाठी मारुती चितमपल्लींचा पक्षिकोश, पण तो घरी ठेवायचा ग्रंथ, रानात न्यायचा नव्हे.

सावध राहायची जागा : नावं बदलतात. २०२४ च्या यादीत ईबर्डने (पक्ष्यांच्या नोंदी ठेवणारं संकेतस्थळ) गायबगळ्याच्या पूर्व आणि पश्चिम अशा दोन जाती केल्या, आपल्याकडचा पूर्वेचा. गव्हाणी घुबडाचंही तसंच. शिक्र्याचं शास्त्रीय नाव ॲक्सिपिटर बॅडियसचं टॅकिस्पायझा बॅडिया झालं. लेसर सँड प्लोव्हर त्याआधीच फुटून सायबेरियन आणि तिबेटन असे दोन झाले. जुन्या पुस्तकातलं नाव ॲपमध्ये सापडलं नाही तर पक्षी नाहीसा झालेला नाही, फक्त त्याचं खातं बदललंय.

खाडीकाठ

मराठी नावांचा गोंधळ वेगळाच. वटवट्या म्हटलं की प्रिनियाही आला आणि स्थलांतरित वॉर्बलरही. खंड्या कुणाकडे छोटा निळा, कुणाकडे पांढऱ्या छातीचा. इथे विचारताना मराठी नावासोबत इंग्रजी नाव देवनागरीत लिहावं ही विनंती, म्हणजे दोन माणसं दोन वेगळ्या पक्ष्यांवर वाद घालणार नाहीत.

कुंभा

एक साधन अजून कुणी सांगितलं नाही, खरं तर पहिलं तेच : ईबर्डचा बार चार्ट. संकेतस्थळावर एक्सप्लोर, मग बार चार्ट्स, भारत, महाराष्ट्र, आपला जिल्हा. बारा महिन्यांच्या पट्ट्यात प्रत्येक जातीची हिरवी रेघ जाड-बारीक दिसते. जाड म्हणजे त्या आठवड्यातल्या जास्त याद्यांमध्ये ती जात आहे. रेघच नसेल तर आपण चुकलो असण्याची शक्यता मोठी. जानेवारीत पुण्याजवळ नवरंग "दिसला" तर दहा वेळा विचार करा, तो इकडे पावसाच्या सुमारास येतो. भोरड्या उलट, थंडीत.

ईबर्डवर यादी भरताना शंका असेल तर जातीचं नाव रेटू नका. "वॉर्बलर एसपी." (वॉर्बलर, पण जात नक्की नाही) किंवा दोन जातींमध्ये तिरकी रेघ असलेली नोंद असते, ती निवडा. चुकीच्या नावापेक्षा ती जास्त कामाची. मोजणी जमत नसेल तर आकड्याऐवजी "एक्स" चालतो.

रातवा

आवाज रेकॉर्ड करणाऱ्यांसाठी, कारण इथे येणाऱ्या निम्म्या फायलींचं काहीच करता येत नाही.

व्हॉट्सॲपचा व्हॉइस मेसेज पाठवू नका. तो माणसाच्या बोलण्यासाठी दाबलेला असतो, पक्ष्याचे बारीक तपशील त्यात जातात. मर्लिनमधून केलेलं रेकॉर्डिंग वॅव फाइल म्हणून बाहेर काढता येतं, तेच द्या. फोनचा मायक्रोफोन बहुधा खालच्या कडेला असतो, ती कड पक्ष्याकडे, बोटं त्यावर घासू देऊ नका, चालू नका, बोलू नका. किमान तीस सेकंद. शेवटी जागा, वेळ, पक्षी दिसला की नाही हे आवाजातच सांगून ठेवा.

ऑडॅसिटी (आवाज कापायचं-सुधारायचं सॉफ्टवेअर) फुकट आहे. स्पेक्ट्रोग्राम दृश्य (आवाजाचं चित्र) लावा, आवाजाच्या दोन्ही बाजूंना तीन सेकंद सोडून कापा, पातळी उणे ३ डेसिबलपर्यंत आणा. रहदारीची घरघर काढायला हायपास फिल्टर (खालच्या पट्टीचे आवाज कापणारा) लावतात, पण भारद्वाजाचा "हूप हूप" किंवा घुबडाचा आवाज असेल तर तो लावू नका, तेच खालच्या पट्टीत असतात. ताडून बघायला झेनो-कँटो हे पक्ष्यांच्या आवाजांचं संकेतस्थळ. तिथे देश आणि आवाजाचा प्रकार (गाणं की साधी हाक) लावून ऐका, नाहीतर युरोपातली गाणी ऐकत बसाल.

रातव्यांच्या जाती तर आवाजावरूनच ओळखायच्या. फोटोत सगळे वाळलेलं पान. फरशीवर पडलेली गोटी टप्पे घेत घेत थांबते तसा आवाज असेल तर इंडियन नाइटजार; एकाच लयीत न थकता "चकू-चकू-चकू" असेल तर जंगल नाइटजार.

न्यू_जर्सीकर

इथून सुट्टीला येणाऱ्यांसाठी : मर्लिनमध्ये अमेरिकेचा पॅक असतो, विमानात बसण्याआधी भारताचा उतरवून घ्या. परत गेल्यावर जागा वाचवायला काढून टाकता येतो.

टिटवी

वटवट्यांवर कुणी लिहिलं नाही, म्हणून थंडीपुरतं. ऑक्टोबर ते एप्रिल, सोसायटीतल्या झाडात न दिसता "चक... चक" करणारा तपकिरी पक्षी बहुधा ब्लाइद रीड वॉर्बलर. शेंड्याकडे हिरवट, चंचल, "चिस्ली" अशी दोन अक्षरी हाक असेल तर ग्रीनिश वॉर्बलर. त्याच्या पंखावरचा बारीक फिकट पट्टा जुनी पिसं झिजली की दिसेनासा होतो, त्यामुळे पट्टा नाही म्हणून नाव खोडू नका. गवतात, शेपूट उभारून, बारमाही दिसणारा राखी पक्षी असेल तर तो वॉर्बलर नव्हे, राखी वटवट्या (ॲशी प्रिनिया).

सह्यरेघ

रानपिंगळ्याबद्दल एक प्रश्न. नंदुरबार किंवा मेळघाटात पिंगळ्याचा फोटो निघाला आणि ॲपने "फॉरेस्ट आउलेट" म्हटलं, तर मानायचं का?

माळरान

ॲपवरून मानायचं नाही. १८८४ नंतर तब्बल ११३ वर्षं या पक्ष्याची खात्रीची नोंद नव्हती, १९९७ मध्ये शहाद्याजवळ तो पुन्हा सापडला. मधल्या काळातल्या काही नोंदी साध्या पिंगळ्याच्याच होत्या. अगदी माणसांच्याही हातून हा घोळ झाला आहे.

फोटोत तीन गोष्टी बघा. माथा : साध्या पिंगळ्याच्या डोक्यावर पांढऱ्या ठिपक्यांची रांगोळी असते, रानपिंगळ्याचा माथा जवळपास कोरा. छाती-पोट : रानपिंगळ्याची छाती सलग गडद तपकिरी आणि खालचं पोट स्वच्छ पांढरं, साध्याचं पोटापर्यंत डागाळलेलं. पाय : जाड, दाट पांढऱ्या पिसांचे, डोकंही अंगाच्या मानाने मोठं. दिवसाढवळ्या शेंड्यावर बसून शेपूट हलवत असेल तर शक्यता वाढते, पण साधा पिंगळाही दिवसा बाहेर येतो, तेव्हा तेवढ्यावर नाही. समोरून आणि मागून असे दोन फोटो लागतात. २०१४ मध्ये तानसा अभयारण्यातून नोंद झाली तेव्हा ती जागा कुणाच्या अपेक्षेत नव्हती, त्यामुळे "इथे असूच शकत नाही" असंही म्हणू नका.

फक्त एक : जागा इथे लिहू नका. माळढोकासारख्या जातींच्या जागा ईबर्डही झाकून ठेवतं. इथे "नंदुरबार जिल्हा" एवढं पुरे, बाकी वनखात्याला.

सह्यरेघ

धन्यवाद. फोटो मागून काढलेला आहे, माथा दिसतोय, पोट नाही. माथ्यावर ठिपके आहेत.

माळरान

मग साधा पिंगळा.